गाणं कुणी निवडलं?

तुमच्या घरातल्या कर्त्या माणसाची वाचा एका सकाळी अचानक गेली, तर तुम्ही आधी काय कराल? डॉक्टरला बोलवाल, नारळ फोडाल, की चुलीत लोखंडाची सळई तापत घालाल? उत्तर मोठ्यानं देऊ नका. मनाशी द्या, पण खरं द्या. मी गेली सहा वर्षं इंदापूरच्या एका दवाखान्यात परिचारिका आहे, आणि वर्तमानपत्र घेणारी, मुलांना शाळेत घालणारी घरं त्या सळईपर्यंत गेलेली मी पाहिली आहेत. वरकुट्याच्या एका माणसासाठी अशी सळई ठरली होती. दिवसही ठरला होता. तो दिवस टाळण्याच्या खटाटोपात मी जे शिकले, तेच इथं लिहिते.

अनुभव लिहायचे तर माणूस निवृत्त तरी असावं, असा रिवाज आहे. मी अजून तिशीही गाठलेली नाही. पण निवृत्तीची वाट पाहत बसले तर सांगायची चीड निघून जाईल आणि नुसत्या आठवणी उरतील. मला चीड शिल्लक असतानाच लिहायचं आहे.

माझे वडील बारामतीत एका छापखान्यात शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवत. त्यामुळं मी अक्षरं पाटीवर शिकले नाही, पत्रकांवर शिकले. घरातल्या फळ्यांवर पत्रकं अंथरलेली, डब्यांना पत्रकं चिकटवलेली, भाकरीही पत्रकात बांधून यायची. रूढी मोडा, अस्पृश्यता गाडा, भगत-देवऋषी हाकला: हे मी बाराखडीबरोबर वाचलं आणि आजही त्यातलं एक अक्षर मागं घेणार नाही. प्रभातफेरीत माझा आवाज सगळ्यांत पुढं असे. पण पत्रकाची एक खोड असते. त्यात ‘कदाचित’ हा शब्द नसतो. ही खोड मला कशी लागली होती, ते पुढं येईलच.

दवाखान्यात आमचे डॉक्टर साठीचे, तिरसट आणि सरळ. परदेशी इस्पितळांत रुग्णांसाठी गाणी वाजवतात आणि त्याचा काहींना उपयोग होतो, असं त्यांनी कुठल्याशा मासिकात वाचलं होतं. मी पट्ट्या बांधताना गुणगुणते हे पाहून एके दिवशी त्यांनी एक कोरी वही माझ्यापुढं टाकली. म्हणाले, “गातेस तर कामाचं गा. आणि जे होईल ते एकेका रुग्णाच्या नावानं लिहून ठेव. दहा माणसांचं नीट लिहिलंस तर अकराव्याला काय करावं ते थोडं कळेल.”

लोकांना वाटतं आम्ही दवाखान्यात मैफल भरवतो. तसं नाही. औषध ते औषधच. पण काही वेळा शरीर हुकूम ऐकत नाही आणि ठेका ऐकतं. निरवांगीची आठ वर्षांची एक मुलगी तापानंतर डावा पाय लुळा होऊन आमच्याकडं आली. “पाय उचल” म्हटलं की ती रडायची. मी तिच्या खाटेजवळ बसून पितळी ताटलीवर लेझमीचा ठेका धरला. शाळेत ती लेझीम खेळायची. ठेक्याच्या जोरकस ठोक्याला तिचा पाय आपसूक चार बोटं वर आला, आणि तिला ते कळलंसुद्धा नाही. तीन महिने त्याच ठेक्यावर व्यायाम केला. आज ती काठी घेऊन शाळेत जाते. ‘काठी घेऊन’ हे मुद्दाम लिहिते. तसं लिहायला मला डॉक्टरांनी शिकवलं.

विक्षिप्त गिऱ्हाइकंही येतात. बावड्याचे एक भुसार व्यापारी पोटावरून हात फिरवत आले.

“बाई, तुमच्याकडं गान्यानं बरं करत्यात म्हनं. अपचनाला कंचा राग चालंल?”

पडद्याआडून डॉक्टर म्हणाले, “शेठ, संध्याकाळी भाकरी किती खाता?”

“पाच. पर बारक्या.”

“दोन खा. उरलेल्या तीन भाकऱ्यांच्या वेळात भजनाला जाऊन बसा.”

महिन्यानं शेठ पेढे घेऊन आले. भजनानं अपचन जातं, असं ते बाजारभर सांगत होते. मी वहीत आनंदानं लिहायला बसले, तर डॉक्टरांनी मजकूर सांगितला: “भाकऱ्या कमी केल्या, भजन वाढवलं. गुण कशाचा, माहीत नाही.”

मला त्या वेळी हे कंजूषपणाचं वाटलं होतं.

आता वरकुट्याचे तात्या. वय पन्नाशीचं, ताडमाड, शेतात राबून रापलेला माणूस. आमच्याकडं आणण्याच्या महिनाभर आधी एका सकाळी ते गोठ्यात कोसळले. उजवा हात-पाय अधू झाला, आणि तोंडातून ‘ता… ता’ याखेरीज काही निघेना. त्यांना बैलगाडीतून आणलं त्यांच्या पत्नी सरूबाईंनी आणि थोरल्या भावानं. थोरल्या भावाला सगळं गाव आबा म्हणे; ते मात्र तात्यांना अजून शिरप्याच म्हणत. वडील लवकर गेल्यावर आबांनीच तात्यांना वाढवलेलं. जरबेचा माणूस, पण भावाचं अंथरूण गाडीतून स्वतः खांद्यावर घेऊन आला.

डॉक्टरांनी तपासलं. आबा उभेच होते. म्हणाले, “डाक्टर, तुमी सुई मारा, गोळ्या द्या, माजं काय म्हननं न्हाय. पर आवशीपत्तुर. अजून पंधरा रोज हायेत. आवशीला मी त्येला डाग द्यायला नेनार. मानंवर आन् जिबंच्या बुडाला. मानूस सांगून ठिवलाय.”

“डागानं वाचा येत नाही, आबा. जीभ भाजेल, जखम पिकेल.”

“माज्या चुलत्याची आली हुती.”

“डाग दिल्यावर किती दिवसांनी?”

“दोन म्हैन्यानं.”

“मग ती दोन महिन्यांनी आली. डागानं नव्हे.”

“म्हंजी आमी नुस्तं बसून ऱ्हायाचं म्हंता?” आबांचा आवाज चढला. “भाव हाय माजा. त्यो माज्याकडं बगतो तवा माजा जीव ऱ्हात न्हाय.”

‘डाग’ हा शब्द आला तसा तात्यांच्या डाव्या हातानं खाटेची कड आवळली. मी म्हटलं, “आबा, त्यांना सगळं कळतंय. त्यांना नको आहे.”

“मुंडी तर त्यो ‘जेवला का’ इचारलं तरी हालवतोय,” आबा म्हणाले. “उपाशी असला तरी हालवतोय. त्येनं तोंडानं न्हाय म्हनावं. त्याच पावली गाडी माघारी फिरवतो.”

इतकं साधं होतं ते. एक शब्द, त्यांच्या तोंडून, अमावस्येच्या आत, पंधरा दिवसांत.

मी कंबर कसली. दुसऱ्या दिवसापासून पेटी घेऊन तात्यांच्या उशाशी बसले आणि माझी सगळ्यांत चांगली गाणी गायले. प्रभातफेरीतली, श्रमदानातली, अंधश्रद्धेवर कोरडे ओढणारी. डागाच्या विरुद्ध लढायचं तर याहून योग्य गाणी कोणती, असा माझा विचार. पहिल्या दिवशी तात्यांनी ऐकलं. दुसऱ्या दिवशी भिंतीकडं तोंड केलं. चौथ्या दिवशी डोक्यावरून पांघरूण घेतलं. सरूबाई भल्या. म्हणाल्या, “गळा ग्वाड हाय तुमचा.”

मी वहीत लिहिलं: “रुग्ण लक्ष देऊन ऐकतो. प्रगती आशादायक.”

डॉक्टरांनी ते वाचलं. “सुशीला, प्रगती कुठली?”

“ऐकतात ते.”

“पांघरुणातून?”

त्यांनी वही मिटली आणि माझ्या हातात दिली. “गुण आला की लिहितेस. आला नाही की शब्द सजवतेस. ही वही आहे, पत्रक नव्हे. आणि त्या बाळंतिणीचं पान कुठं आहे?”

ते पान नव्हतं. मी लिहिलंच नव्हतं. आज लिहिते. आमच्याच बारामतीच्या आळीतली एक मुलगी आमच्याकडं बाळंत झाली. मूल मेलेलं जन्मलं. तीन दिवस ती ना रडली, ना बोलली. रडली की मोकळी होईल, असं मी कुठंतरी वाचलं होतं, आणि वाचलेलं खरं मानायची मला सवय. मी तिच्या खाटेजवळ बसून पाळणा म्हटला. तिनं दोन्ही कानांवर हात दाबले आणि अशी किंकाळी फोडली की बाहेरचे लोक आत धावले. त्याच दिवशी ती अर्ध्या उपचारात घरी निघून गेली, आणि घरी तिला ताप भरला. पुढं ती वाचली. पण आजही बारामतीच्या बाजारात मी समोरून आले की ती रस्ता ओलांडते. तिला काय हवं आहे, हे मी तिला विचारलं नव्हतं. एकदाही नाही.

त्या दुपारी डॉक्टरांनी वहीच्या प्रत्येक पानावर एक नवा रकाना आखला. वर लिहिलं: ‘गाणं कुणी निवडलं?’ बाळंतिणीच्या पानावर मी लिहिलं: मी. तात्यांच्या पानावर लिहिलं: मी. दोन्हीकडं तोच शब्द शाईनं लिहिताना मला जी लाज वाटली, ती कुठल्या पत्रकानं मला दिली नसती.

मग मी उठले आणि जे पहिल्या दिवशी विचारायला हवं होतं ते सरूबाईंना विचारलं.

“हे कुठलं गाणं म्हणायचे?”

“गानं? ह्ये काय गानारं न्हाईत बाई. भजनात बी टाळ घिऊन मागं बसायचं, त्वांड मिटून.”

“कधीच काही म्हणत नव्हते?”

“न्हाय.” मग, जणू काही सांगण्यासारखं नाही अशा आवाजात त्या म्हणाल्या, “मोटंवर म्हनायचं. पर त्ये काय गानं हाय व्हय? त्ये बैलांसाठी.”

ज्यांनी मोट पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगते. मोट म्हणजे विहिरीतून पाणी काढायची चामड्याची मोठी पखाल. विहिरीच्या काठापासून एक उतार काढलेला असतो, त्याला धाव म्हणतात. बैल धावेवरून खाली उतरले की दोर ओढला जातो आणि भरलेली मोट वर येते. ती पाटात रिकामी होते. मग बैल पाठमोरे धाव चढतात, आणि मोट पुन्हा विहिरीत उतरते. दिवसभर हेच. मोटकरी बैलांना चालतं ठेवण्यासाठी जे म्हणतो, ते तात्या पस्तीस वर्षं म्हणत आले होते. सरूबाईंनी मला ओळी सांगितल्या. तात्यांच्याच रचलेल्या होत्या; चांद्या आणि हरण्या हे त्यांचे बैल.

चल रं चांद्या, धर रं धाव,
पाणी पुसतंय कांद्याचं गाव.
हरण्या माझ्या, मागं सर,
मोट भरंपत्तुर दम धर.

पाणी आपलं कांद्याच्या वाफ्याचा पत्ता विचारत निघालंय! मी इतकी गाणी पाठ केली होती, पण त्यांतल्या एकातही पाण्यानं कधी कुणाला वाट विचारली नव्हती.

दुसऱ्या दिवशी पेटीवर सूर धरून मी ते म्हटलं. तात्यांनी भिंतीकडचं तोंड माझ्याकडं वळवलं. ओठ हलले. मी हरखून आणखी जोरात म्हटलं. त्यांनी तोंड उघडलं, तोवर मी पुढच्या ओळीवर. पुन्हा उघडलं, तोवर मी त्याच्याही पुढं. शेवटी त्यांनी डावी मूठ खाटेवर आपटली आणि डोळे मिटले.

सरूबाई दारात उभ्या होत्या. त्यांना राहवलं नाही. “बाई, तुमी मोट रिकामीच हुऊ देत न्हाय की.”

“म्हणजे?”

“गाव म्हटल्यावर थांबायचं. मोट वर आली, पानी पडतंय. पाटात खळाळ हुतोय. त्यो सरला की मग मागं सर. तुमी तर बैलास्नी पळवून मारचाल.”

गाण्याच्या मध्यावर पाणी पडेपर्यंतचा थांबा होता. अडखळलेल्या जिभेला शब्द शोधायला जो वेळ हवा, नेमका तेवढा. आणि मी तो पेटीच्या सुरानं भरून टाकत होते.

तात्यांना विहिरीवर न्यायचं, असं डॉक्टरांनी ठरवलं. अडचण एकच होती. त्याच वर्षी आबांनी विहिरीवर तेलाचं इंजिन बसवलं होतं, आणि मोट गोठ्यात खुंटीला वाळत पडली होती. मी इंजिनाच्या बाजूची आहे, हे आधीच सांगून टाकते. माणसानं आणि बैलानं जन्मभर उतरत-चढत राहावं, असं म्हणणाऱ्यांतली मी नाही. पण त्या दिवशी इंजिन बंद हवं होतं.

“इंजान बंद ठिवून मोट?” आबा म्हणाले. “गाव हसंल मला.”

“हसू द्या. घटकाभर.”

ते पाठ फिरवून निघून गेले. मला वाटलं, झालं. पण आम्ही तात्यांना घेऊन वरकुट्याला पोचलो, तेव्हा मोट पाण्यात भिजवून, तेल चोळून, चाकावर चढवलेली होती. आबांचे हात कोपरापर्यंत तेलानं माखले होते. “आकसली हुती,” एवढंच म्हणाले.

तात्यांना धावेच्या कडेला बाजेवर बसवलं. आबांनी स्वतः बैल जुंपले. पहिली मोट आली, काही नाही. दुसऱ्या मोटेला तात्यांचा डावा पाय हलायला लागला. तिसऱ्या मोटेला सरूबाईंनी ओळ धरली, “पाणी पुसतंय कांद्याचं…” आणि शेवटचा शब्द मुद्दाम सोडून दिला. चाक करकरलं. पाणी पाटात कोसळलं. आणि त्या खळाळात तात्या म्हणाले, “गाव.”

आबांच्या हातातला कासरा तसाच राहिला. पुढच्या मोटेला तात्यांनी चारही ओळी म्हटल्या. आवाज घोगरा, पण शब्द न् शब्द स्वच्छ. सरूबाई पाटाच्या कडेला मटकन बसल्या आणि त्यांनी पदर तोंडाला लावला.

तात्यांना घरीच ठेवून परतताना एस.टी.त मी वहीत ठळक अक्षरांत लिहिलं: “वाचा परत आली!”

दुसऱ्या दिवशी वरकुट्याला गेले, तर तात्यांच्या ओट्याखाली वहाणांचा ढीग. आत कापराचा वास. तात्या बाजेवर, गळ्यात हार, आणि समोर नारळ. झालं होतं असं की तात्या चार ओळी बिनचूक म्हणत होते, पण ‘पाणी’ मागता येत नव्हतं, बायकोचं नाव येत नव्हतं. गावानं त्याचा अर्थ लावला: बोलता येत नाही आणि गाता येतं, म्हणजे गाणारा तात्या नव्हे. देव गातोय!

एका बाईनं हात जोडून विचारलं होतं, “देवा, माजी म्हस कालधरनं घावत न्हाय. कुठं गेली?” तात्या बिचारे. त्यांच्याजवळ एवढंच होतं, तेच त्यांनी म्हटलं, “पाणी पुसतंय कांद्याचं गाव.” लोक कांद्याच्या वाफ्यांकडं धावले. आणि म्हैस तिथंच सापडली. उभ्या पिकात म्हैस शिरणार नाही तर कुठं जाईल! पण आता कुणाला काय सांगणार?

मी सांगितलं. पाव तास सांगितलं. मेंदू, शिरा, विज्ञान, शोषण, सगळं आलं त्यात. लोकांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि आणखी एक नारळ फुटला. शेवटी सरूबाई हातात केरसुणी घेऊन बाहेर आल्या. “देव असंल तर रोज त्येला न्हाऊमाकू घालायला या. फाटंचं चार वाजता. कोन कोन येतंय?” ओटा मोकळा झाला. “आन् म्हशी आपल्या आपन बांदत जावा!” त्यांनी मागून ओरडून सांगितलं.

डॉक्टरांनी माझी ठळक अक्षरं पेन्सिलीनं खोडली आणि खाली लिहिलं: “मोटेच्या आवाजाबरोबर चार ओळी शब्दांसह म्हटल्या. साधं बोलणं नाही.” मग मला समजावलं, “गाणं आणि बोलणं एकाच तोंडातून येतं, पण डोक्यातल्या एकाच दारातून येत नाही, असं दिसतंय. बोलण्याचं दार अडकलंय. गाण्याच्या दारातून एकेक शब्द बाहेर काढता येतो का बघ. चाल तीच ठेव. थांबा तोच ठेव. शब्द एकच बदल.”

अमावस्येला सहा दिवस उरले होते. मी रोज फाट्यावर उतरून चालत वरकुट्याला जायची. पेटी घरीच ठेवली. सरूबाई पितळी तांब्यातून घंगाळात पाणी ओतायच्या, तो आमचा थांबा. ‘कांद्याचं गाव’च्या जागी ‘भाकरीचं गाव’. ‘चल रं चांद्या’च्या जागी ‘चल गं सरू’. दोन दिवस तात्या बदललेल्या शब्दाशी आले की चिडून थांबत. तिसऱ्या दिवशी मी कडू औषधाचा पेला पुढं करून म्हटलं, “औषिद घे रं, दम धर.” त्यांनी पेल्याकडं पाहिलं, तोंड वाकडं केलं आणि त्याच चालीत म्हणाले, “औषिद… नगं.”

औषध सांडलं. माझ्याच हातून, आनंदानं. डॉक्टर ऐकून म्हणाले, “रुग्णानं औषध नाकारलं म्हणून नाचणारी परिचारिका मी पहिल्यांदाच पाहतोय.”

त्या दिवशी ‘भाकर नगं’ झालं, ‘पानी नगं’ झालं. चौथ्या दिवशी सरूबाईंनी ‘हरण्या माझ्या’च्या जागी ‘आबा माझ्या’ घालून पाहिलं, पण तात्या त्यावर हसलेच फक्त. पाचव्या दिवशी थकून झोपून राहिले. सहाव्या दिवशी अमावस्या.

मी सकाळच्या पहिल्या गाडीनं पोचले, तर दारात बैलगाडी जुंपलेली. आबांनी धुतलेलं धोतर नेसलं होतं. मी गाडीच्या आडवी उभी राहिले. “आबा, ते आता बोलायला लागलेत.”

“गातोय त्यो. गानं म्हंजी बोलनं न्हाय, ह्ये तुमचे डाक्टरच म्हनालं. जीब जड झालीया, डागानं हलकी हुईल.”

मग मी माझं भाषण सुरू केलं. यापूर्वीच्या भाषणापेक्षा ते जास्त चांगलं होतं. त्यात तापलेल्या लोखंडाची क्रूरता होती, नव्या राज्याचं स्वप्न होतं. आबांनी ते मध्येच तोडलं. रागानं नव्हे, थकून. “बाई, तुमी लई बोलता. बोलायला ह्यो पायजे.”

मी गप्प बसले. खरं सांगते, त्या सगळ्या पंधरा दिवसांत मी केलेलं सगळ्यांत कामाचं काम तेच असावं.

बाजेवरून तात्यांनी डावा हात उचलला आणि भावाकडं बोट केलं.

“आबा माझ्या…”

आबा काही बोलणार, तोच सरूबाईंनी हात आडवा केला. त्यांनी पुरता वेळ जाऊ दिला, मोट रिकामी होईल एवढा. अंगणात बैलांच्या घुंगरांखेरीज आवाज नव्हता. तात्यांच्या कपाळावरची शीर फुगली होती.

“…मागं सर. डाग… नगं. डाग नगं… दम धर.”

मग आबा म्हणाले, “शिरप्या, थोरल्या भावाला बैल केलास व्हय रं?” आणि हसता हसता त्यांनी धोतराच्या सोग्यात तोंड लपवलं. खांदे हलत राहिले. बऱ्याच वेळानं सोग्याआडूनच आवाज आला, “गाडी सोडा.”

या गोष्टीला आता दोन वर्षं झाली. तात्या पूर्वीसारखे बोलत नाहीत, बोलणारही नाहीत. पन्नासेक शब्द आले आहेत. त्यातले थोडे आता चालीशिवाय येतात. कधी कधी सरूबाईंना ‘हरण्या’ म्हणून हाक मारतात. “बायकुला बैल म्हंतोय,” सरूबाई सांगतात, “पर हाक तर मारतोय!”

पान पुरं करताना मी लिहिणार होते, ‘संगीतानं वाचा परत आली.’ लेखणी टेकवण्याआधी मी स्वतःच थांबले. मग जे लिहिलं ते डॉक्टरांनी वाचलं आणि प्रथमच काहीही खोडलं नाही: “गाणं चालू असताना शब्द आले. नुसत्या काळानंही काही आले असते, माहीत नाही. गाणं रुग्णाचं होतं, थांबा त्याच्या पत्नीनं दाखवला. डाग टळला, हे नक्की.”

माझी चीड कमी झालेली नाही. डाग देणारा तो माणूस अजून आहे, त्याच्याकडं अजून गाड्या जातात, आणि त्याच्याविरुद्ध मी पत्रकं छापतच राहीन. पण पत्रक वाचून गाडी थांबली नव्हती, हेही मला ठाऊक आहे.

म्हणून हा अंक बाजूला ठेवण्याआधी एक काम करा. तुमच्या घरात कुणी वयस्क असेल, त्यांना विचारा: काम करताना काय म्हणत होता? जात्यावर, मोटेवर, खळ्यावर, काहीही. “त्ये काय गानं हाय व्हय?” असं उत्तर येईल. तिथं हटू नका. त्यांना त्यांच्या चालीत म्हणू द्या, शब्द उतरवून घ्या, आणि ते जिथं थांबतात तिथं एक रेघ मारा. उद्या त्यांची जीभ अडली, तर त्याच दिवशी डॉक्टरकडं न्या, सळईला हात लावू नका, आणि तो कागद सोबत घ्या. ती रेघ आली की तुम्ही गप्प राहा. पुढचा शब्द त्यांचा आहे.

जा, विचारा. आत्ता ते ओट्यावर बसलेले असतील.